मधली सुट्टी : आजोबांच्या डबीतले खेळ



परवा मधल्या सुट्टीत मी डबा उघडला. पहिला घास तोंडात जातोय न जातोय, तोच आमच्या पाचवीतला एक गडी दारात येऊन उभा राहिला. (आपलं नाव छापायचं नाही, असं त्यानं मला बजावून सांगितलंय. म्हणून आपण त्याला बंड्या म्हणू.) बंड्याचे दोन्ही हात पाठीमागे होते.

"काय रे, काय लपवलंयस? चिंचा?"

"नाही बाई. तुम्ही रागावणार नसाल तर दाखवतो."

आता हे वाक्य जो बोलतो, त्याच्या हातात रागावण्याजोगं काहीतरी असतंच, हे एवढ्या वर्षांत मला कळून चुकलंय! पण त्यानं मूठ उघडली आणि मीच डबा बाजूला सारला. काड्यापेटीएवढी काळी डबी. मागे खिशाला अडकवायचा चिमटा, पुढे अंगठ्याच्या नखाएवढा पडदा आणि त्याखाली चौकोनी बटण. गाणी ऐकायचं यंत्र होतं ते. सॅनडिस्क कंपनीचा सॅन्सा क्लिप प्लस. २००९ साली हा बाजारात आला, तेव्हा मी डी.एड.च्या वसतिगृहात होते आणि अशी डबी ज्या मुलीकडे असायची, तिच्याभोवती आम्ही सगळ्या गोळा व्हायचो.

"माझ्या मामाचा होता," बंड्या म्हणाला. "मामानं मोबाइल घेतला आणि हा आजोबांना दिला, भजनं भरून. आजोबा शेतावर जाताना खिशाला अडकवायचे. आजोबा गेल्यावर ट्रंकेत पडला होता. दिवाळीत आजीनं मला दिला. बाई, यात खेळ घालता येतात का हो? आई मोबाइलला हातच लावू देत नाही."

"येतात की," मी म्हटलं.

बंड्यानं जागच्या जागी उडी मारली.

"पण आज नाही. शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर. आणि आईला सांगून यायचं. चोरून नाही."

शनिवार उजाडेपर्यंत मी तुम्हाला थोडी आतली गंमत सांगते, म्हणजे पुढचं नीट कळेल.

यंत्राच्या डोक्यात काय असतं?

बटण दाबलं की गाणं लागतं, हे आपण रोज पाहतो. पण बटणाला कुठं कळतं गाणं म्हणजे काय ते! यंत्राच्या आत एक छोटा संगणकच असतो. त्याला काय करायचं ते सांगणारी एक आज्ञावली कंपनीनं आत कायमची बसवलेली असते. तिला फर्मवेअर म्हणतात. "हे बटण दाबलं तर पुढचं गाणं लाव, ते दाबलं तर आवाज वाढव," असं सगळं तिच्यात लिहिलेलं असतं. तिच्यात खेळ लिहिलेले नसतील, तर यंत्राला खेळ येत नाहीत. इंग्रजी पाचवीपासून शिकवलं तर चौथीच्या मुलाला ते कसं येणार? तसंच हे.

म्हणजे खेळ घालायचे तर दोनच वाटा. एक, खेळ कंपनीनंच घातलेले असावेत. दोन, आपण यंत्राला नवी आज्ञावली शिकवावी.

पहिल्या वाटेची गोष्ट ऐका. ॲपल कंपनीनं २००१ च्या ऑक्टोबरात पहिला आयपॉड आणला. त्यात एक खेळ चक्क लपवून ठेवलेला होता! यंत्राची माहिती देणाऱ्या पानावर जाऊन मधलं बटण थोडा वेळ दाबून धरलं, की चेंडूनं विटा फोडायचा खेळ सुरू व्हायचा. हा खेळ मुळात अटारी कंपनीचा, १९७६ सालचा ब्रेकआउट. त्याच्या नमुन्याचं सर्किट स्टीव्ह वॉझनियाक यांनी चार रात्री जागून बनवलं होतं आणि त्यांच्या जोडीला होते स्टीव्ह जॉब्ज. पुढे याच दोघांनी ॲपल कंपनी काढली. म्हणजे त्या छोट्या खेळात त्यांच्या तरुणपणाची आठवणच होती म्हणा ना.

पुढे २००६ मध्ये ॲपलनं आयपॉडसाठी खेळ विकायला काढले. सुरुवातीला ९ खेळ होते. टेट्रिस, पॅक-मॅन, मिनी गोल्फ असे. होता होता ते ५४ झाले. पण त्यांना कुलूप होतं. ज्याच्या खात्यावर खेळ घेतला, त्याच्याच संगणकावरून तो आयपॉडमध्ये जायचा. २०११ मध्ये दुकानातून हे खेळ काढून टाकले आणि झाली पंचाईत! संगणक बिघडला की पैसे देऊन घेतलेला खेळही गेला. शेवटी २०२४ मध्ये काही हौशी मंडळी पुढे आली. ज्यांच्या जुन्या संगणकात हे खेळ शिल्लक होते, त्यांना त्यांनी शोधून काढलं आणि ते सगळे एका जागी गोळा करायला घेतले. आपल्याकडे कुणी जुनी पोथी सांभाळतं ना, तसंच हे.

स्वीडनमधले तीन मित्र

दुसरी वाट आमच्या बंड्याच्या कामाची. २००१ सालच्या अखेरीस स्वीडन देशात ब्यॉर्न स्टेनबर्ग नावाच्या माणसाकडे आर्कोस कंपनीचं गाणी वाजवायचं यंत्र होतं. यंत्र चांगलं, पण त्यातली आज्ञावली काही त्यांना पसंत पडेना. तुम्हीआम्ही काय केलं असतं? कुरकुर करून गप्प बसलो असतो. ब्यॉर्न यांनी भाऊ डॅनियल आणि मित्र लिनस नील्सन फेल्टसिंग यांच्यासोबत स्वतःच नवी आज्ञावली लिहायला घेतली. तिचं नाव रॉकबॉक्स. पहिली आवृत्ती २००२ च्या जूनमध्ये निघाली.

खरी गंमत पुढेच आहे. त्यांनी ती कुलपात ठेवली नाही. कुणीही घ्या, फुकट वापरा, आत कसं लिहिलंय ते वाचा, सुधारा आणि सुधारलेलं पुन्हा सगळ्यांना द्या, असा तिचा परवाना आहे. मग देशोदेशीचे लोक सामील झाले. कुणी ती आयपॉडवर चालवली, कुणी आयरिव्हरवर, कुणी सॅन्सावर. कुणी खेळ लिहिले. कुणी मेनू मोठ्यानं बोलून दाखवायची सोय केली. दिसत नसलेल्या माणसालाही त्यामुळे गाणं निवडता येतं. दुकानात मिळणाऱ्या कितीतरी यंत्रांत तेव्हा ही सोय नव्हती, हे लक्षात घ्या. वीस वर्षांहून जास्त काळ हे काम चाललंय. २०२५ मध्ये रॉकबॉक्सची ४.० ही आवृत्ती निघाली.

शनिवार

शनिवारी साडेअकराला शाळा सुटली. बंड्या डबी घेऊन हजर. सोबत आईसुद्धा आली होती. शाळेतल्या संगणकाला आम्ही डबी जोडली. बंड्याला घाई फार.

"बाई, आधी खेळ."

"आधी नक्कल, मग खेळ," मी म्हटलं. हे वाक्य माझं स्वतःचं आहे आणि ते मी फार महाग विकत घेतलंय. कसं ते सांगते.

वसतिगृहात असताना मीही पैसे साठवून एक स्वस्तातलं यंत्र घेतलं होतं. सुट्टीत घरी गेले की आजीच्या जात्यावरच्या ओव्या मी त्यात ध्वनिमुद्रित करायची. तिलाही मजा वाटायची. "बघू, माझा आवाज कसा येतो," म्हणायची. एकदा त्यात खेळ घालायची हुक्की आली. मैत्रीण म्हणाली, आधी सगळं पुसून घ्यावं लागतं. मी पुसलं. खेळ काही आले नाहीत, ओव्या मात्र गेल्या. मला वाटलं, पुढच्या सुट्टीत पुन्हा म्हणून घेऊ. पुढच्या सुट्टीत आजी नव्हती. दोष ना यंत्राचा, ना मैत्रिणीचा. नक्कल करून ठेवायला पाच मिनिटं लागली असती, ती मी दिली नाहीत.

हे ऐकून बंड्या गप्प बसला. डबीत होतं नव्हतं ते सगळं आम्ही संगणकावर उतरवून घ्यायला लागलो. भजनं, अभंग, मामाची सिनेमाची गाणी. आणि मग ध्वनिमुद्रणाचा एक फोल्डर दिसला. या डबीला छोटा माइकही असतो. आत ७ फाइली होत्या.

"या कुणाच्या?" आई म्हणाली. "आप्पांना कुठं येत होतं असलं काही?"

पहिली लावली. आधी नुसता वारा. मग बैलाच्या गळ्यातली घंटा. मग खोकला आणि मग अगदी जवळून आवाज आला, "आरं, हे गाणं का म्हणंना आता? ह्या बटणानं काय केलं?" आप्पांचं बोट चुकून ध्वनिमुद्रणावर पडलं होतं! दोन मिनिटं ते डबीला रागावत होते आणि डबी ते सगळं इमानानं टिपून घेत होती.

आम्ही तिघंही हसलो. पण चौथी फाइल लागली आणि आई हसायची थांबली. त्यात एक तीन-साडेतीन वर्षांचं पोर आकडे म्हणत होतं. "एक, दोन, तीन, चार, पाच, सात..."

"आरं, सहा कुठं गेला?" आप्पा विचारत होते.

"सहा पळाला."

"कुठं पळाला?"

"आत्याकडं!"

ते पोर म्हणजे आमचा बंड्याच, हे सांगायला नकोच. आई म्हणाली, "बाई, पुन्हा लावा." आम्ही पुन्हा लावली. मग तिनं विचारलं, "खेळ घातल्यावर हे जाणार तर नाही ना?"

खोटं कशाला सांगू? मी म्हटलं, "सहसा काही होत नाही. पण यंत्र जुनं आहे. आज्ञावली बदलताना मधेच बंड पडलं, तर कायमचं बंद पडू शकतं."

"मग नको बाई," बंड्या लगेच म्हणाला. "राहू देत खेळ." आणि त्यानं डबी ओढून खिशात घालायला घेतली.

आठ दिवस खेळ-खेळ करणारा मुलगा हो हा! मी म्हटलं, "थांब. आवाज डबीतच राहिला पाहिजे असं थोडंच आहे?" मग आम्ही त्या ७ फाइलींची एक नक्कल संगणकावर ठेवली, दुसरी पेनड्राइव्हवर. नुसती ठेवली नाही, दोन्हीकडच्या सगळ्या फाइली शेवटपर्यंत वाजवून पाहिल्या. नक्कल झाली असं वाटणं वेगळं आणि ती वाजणं वेगळं. पेनड्राइव्ह आईनं पदराच्या गाठीत बांधला. मामालाही पाठवते म्हणाली. आणि मग तीच म्हणाली, "घाला आता काय खेळ घालायचे ते."

खेळ कसे घातले?

ज्यांच्या घरी अशी डबी असेल त्यांच्यासाठी सांगते. मोठं माणूस सोबत हवं, हा पहिला नियम.

डबीची बॅटरी आधी चांगली भरून घ्या. मग डबीच्या सेटिंगमध्ये यूएसबी मोड असतो, तो एमएससी करा. हा मोड बदलून डबी पुन्हा जोडली, तर आमची गाणी दिसेनात! बंड्याचं तोंड एवढंसं झालं. पण घाबरू नका. त्या घराला दोन दरवाजे आहेत. एका दरवाजानं आत ठेवलेलं सामान दुसऱ्या दरवाजातून पाहिलं तर दिसत नाही, एवढंच. मोड पूर्वीसारखा केला की गाणी पुन्हा दिसतात. शिवाय आमच्याकडे नक्कल होतीच.

मग संगणकावर रॉकबॉक्स युटिलिटी नावाचा कार्यक्रम उतरवून घ्यायचा. तो रॉकबॉक्सच्या मूळ ठिकाणाहूनच घ्या, भलत्या ठिकाणाहून नको. कोणती डबी जोडली आहे हे तो स्वतःच ओळखतो. क्लिप प्लससाठी तो कंपनीच्या मूळ फर्मवेअरची फाइलही मागतो, ती आधी मिळवून ठेवावी लागते. त्या फाइलीत तो रॉकबॉक्सला आत शिरायला जागा करतो आणि सगळं सामान डबीत नेऊन ठेवतो. मग डबी संगणकावरून रीतसर काढायची, तार हिसकायची नाही. काढल्यावर डबी स्वतःच आज्ञावली बदलायला घेते. त्या वेळी बटणांना हात लावायचा नाही. तो अर्धा मिनिट आम्हाला अर्ध्या तासासारखा वाटला. तिघांपैकी कुणी पापणी हलवली नसेल!

आणि पडद्यावर रॉकबॉक्सचं नाव झळकलं.

एक चांगली गोष्ट म्हणजे कंपनीची जुनी आज्ञावली कुठं जात नाही. डबी सुरू करताना डावं बटण दाबून धरलं की जुनं घर, नाही धरलं की नवं.

मेनूत प्लगइन, त्यात गेम्स. बंड्या यादी वाचतच सुटला. साप वाढवत न्यायचा स्नेक. वरून पडणारे ठोकळे रचायचा रॉकब्लॉक्स, हा टेट्रिसचा भाऊ. (टेट्रिस १९८४ मध्ये मॉस्कोत अलेक्सी पाजितनोव यांनी बनवला.) विटा फोडायचा ब्रिकमेनिया, म्हणजे आयपॉडमध्ये लपलेला तोच जुना खेळ! सुडोकू आहे, बुद्धिबळ आहे आणि मला सगळ्यात आवडणारा सोकोबान आहे. सोकोबान म्हणजे जपानीत गोदामाचा रखवालदार. १९८१ मध्ये हिरोयुकी इमाबायाशी यांनी हा खेळ तयार केला. गोदामातली खोकी ढकलत ठरलेल्या जागी न्यायची. खोकं फक्त ढकलता येतं, ओढता येत नाही. एकदा कोपऱ्यात गेलं की गेलंच. म्हणून आधी विचार, मग पाऊल. आमच्या वर्गातल्या काही जणांनी गणिताच्या तासाआधी हा खेळ जरूर खेळावा, असं माझं मत आहे!

पडदा मात्र इवलासा. त्यावर आडवे १२८ आणि उभे ६४ ठिपके, म्हणजे एकूण ८१९२. हल्लीच्या साध्या मोबाइलच्या पडद्यावरही याच्या कितीतरी पट ठिपके असतात. पण बंड्याला विचाराल तर तो सांगेल की सापाला तेवढी जागा पुष्कळ झाली. आणि बहुतेक छोटे खेळ खेळताना मागे गाणंही चालू राहतं. आप्पांची भजनं आम्ही परत डबीत भरली आणि बंड्याचा साप अभंगाच्या ठेक्यावर सरपटू लागला.

तो ध्वनिमुद्रणाचा फोल्डरही आम्ही परत ठेवला. सोमवारी मी विचारलं, "काय रे, सापाचा किती आकडा झाला?" तर म्हणाला, "बाई, काल खेळायलाच मिळालं नाही. आजी आली होती. ती दिवसभर 'सहा पळाला'च ऐकत बसली."

पालकांसाठी दोन शब्द

जुन्या यंत्रात इंटरनेट नाही, जाहिराती नाहीत, आणि खेळता खेळता मूल नकळत काही विकत घेईल ही भीतीही नाही. म्हणून मोबाइलपेक्षा ते मला बरं वाटतं. तरी वेळेचं बंधन हवंच. यंत्र फुगलेलं दिसलं किंवा फार गरम होत असेल, तर ते चार्जिंगला लावू नका, बॅटरी खराब झालेली असू शकते. दुसऱ्याचे विकतचे खेळ फुकट उतरवून घेऊ नका. रॉकबॉक्ससोबत येणारे खेळ मुळातच मोकळे आहेत, तेवढे पुरेत. आणि ट्रंकेत, माळ्यावर, कपाटाच्या खणात जुना मोबाइल, टेपची कॅसेट, असली एखादी डबी पडली असेल, तर ती भंगारात देण्यापूर्वी एकदा ऐकून पाहा.

आता तुमचं काम

एक कोडं घाला डोक्यात. बंड्याच्या डबीच्या पडद्यावर आडवे १२८ आणि उभे ६४ ठिपके आहेत. एका अक्षराला ८ ठिपके रुंद आणि ८ ठिपके उंच जागा लागते. तर पडद्यावर एका वेळी जास्तीत जास्त किती अक्षरं मावतील? उत्तर पुढच्या आठवड्यात. आणि तुमच्या घरातल्या सगळ्यात जुन्या यंत्रात काय सापडलं, तेही पत्रानं कळवा. पण लक्षात आहे ना? आधी नक्कल, मग खेळ!

घंटा झाली. पळा आता वर्गात.

तुमच्या
बाई